डेन्मार्कमध्ये चित्रपट-मालिकांचं संगीत करायला यायचं असेल तर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पुण्यात दैनंदिन मालिकांना आणि लघुपटांना पार्श्वसंगीत देता, डॅनिश मालिकांचं संगीत ऐकून तिथेच काम करावंसं वाटतं, वर्ष-दीड वर्ष निभेल एवढी शिल्लक आहे. निघावं का, आणि निघायचं तर कसं?

आधी परवान्याचं बघू, कारण बहुतेकांचा बेत तिथेच अडतो. ‘फ्रीलान्स संगीतकार’ असा परवाना डेन्मार्क देत नाही. उच्चशिक्षित परदेशी नोकरदारांसाठीच्या युरोपियन युनियनच्या ब्लू कार्ड योजनेतही हा देश नाही. परदेशी कामगारांचे आणि विद्यार्थ्यांचे अर्ज सिरी ही सरकारी संस्था बघते. तिची पगार-मर्यादा योजना सगळ्यांना ठाऊक असते, पण तिला एका मालकाकडची पगारी नोकरी लागते, आणि नेहमीच्या मार्गात तो पगार वर्षाला पाच लाख क्रोनरच्या वर असावा लागतो. संगीतकाराला इथे कोणी पगारावर ठेवत नाही. प्रत्येक चित्रपटाचं, प्रत्येक मालिकेचं वेगळं मानधन ठरतं. स्टार्टअप डेन्मार्क या परदेशी उद्योजकांसाठीच्या योजनेत तज्ज्ञांची समिती वाढू शकणारा, नावीन्य असलेला धंदा शोधते. एका माणसाचा म्युझिक स्टुडिओ तिथे बसत नाही. कलाकारांसाठी ‘विशेष वैयक्तिक पात्रता’ हा रस्ता आहे खरा, पण ‘हेच काम, ह्याच माणसाकडून’ असं म्हणणारा डॅनिश मालक आधी हवा. नवख्याला तो मिळत नाही.

मग उरतात दोन रस्ते. जोडीदाराला आयटी, औषधनिर्मिती किंवा पवनऊर्जेत डेन्मार्कची नोकरी मिळत असेल, तर सोबत येणाऱ्या जोडीदाराला इथे नोकरी करता येते आणि स्वतःचा व्यवसायही करता येतो. संगीतकारासाठी याहून मोकळा परवाना नाही. ही शक्यता असेल तर बाकीचं सगळं बाजूला ठेवून तिच्याच मागे लागा.

दुसरा रस्ता शिक्षणाचा. कोपनहेगनचं रिद्मिक म्युझिक कॉन्झर्वेटरी (१९८६), तिथलंच रॉयल डॅनिश अकॅडमी ऑफ म्युझिक (१८६७), शिवाय ऑरहूस आणि ओडेन्सची कॉन्झर्वेटरी ही ठिकाणं बघा. अर्जाची मुदत आदल्या वर्षाच्या डिसेंबरच्या आसपास संपते, म्हणजे तयारी उन्हाळ्यातच सुरू करावी लागते. युरोपबाहेरच्यांना फी भरावी लागते. मान्यताप्राप्त अभ्यासक्रमाच्या विद्यार्थ्याला महिन्याला ९० तास आणि जून, जुलै, ऑगस्टमध्ये पूर्णवेळ नोकरी करता येते. पण ही मुभा नोकरीची आहे. स्वतःच्या नावानं बिलं लावून व्यवसाय करायलाही ती पुरते असं धरून चालू नका. सिरीला लेखी विचारा आणि उत्तर जपून ठेवा. शिक्षण संपल्यावर काम शोधण्यासाठी राहण्याची मुदत मिळते. ती किती, हे अर्ज करण्याच्या आठवड्यात सिरीच्या संकेतस्थळावरच पाहा, कारण हे नियम अलीकडे फार बदलताहेत. डॅनिश फिल्म स्कूलचं नाव तुम्ही घेतलंत. तिथलं शिक्षण डॅनिशमधून चालतं आणि प्रवेश दर दोन वर्षांनी होतात. तिथे शिकायचं मनात नसलं तरी त्या शाळेची ओळख हवीच. ती का, ते पुढे येईल.

आता कामाबद्दल. साठ लाखांचा देश, वर्षाला दोन-तीन डझन चित्रपट, आणि मालिका देणारे मोजके: सार्वजनिक वाहिनी डीआर, टीव्ही २ आणि स्ट्रीमिंगवाले. चित्रपटांचा बराच पैसा डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटकडून येतो. बाजार एवढा लहान आहे की एक वाद झाला तरी चाकं थांबतात. २०२२मध्ये हक्कांच्या मोबदल्यावरून तसंच झालं. नेटफ्लिक्स, वायाप्ले आणि टीव्ही २ यांनी नव्या डॅनिश निर्मिती रोखून धरल्या होत्या. म्हणून इथल्या बहुतेक संगीतकारांचा दुसरा पाय शिकवण्यात, जाहिरातीत, रंगभूमीवर किंवा बँडमध्ये असतो. त्यात कमीपणा कोणी मानत नाही.

इथे मोठी झालेली माणसं कुठून आली ते पाहिलं की हा बाजार कळतो. बेन्ट फाब्रिसियुस-बियेर्ग (१९२४–२०२०) मुळात पियानोवादक. ‘अ‍ॅली कॅट’ या वाद्यधुनेमुळे ते जगाला माहीत झाले, आणि घरच्या प्रेक्षकांना ओल्सेन-बान्डन चित्रपटांमुळे आणि १९७८च्या ‘मातादोर’ मालिकेमुळे. पेर नोर्गोर हे मैफिलीच्या संगीताचे मोठे नाव, ‘बाबेट्स फीस्ट’ (१९८७) या चित्रपटाचं संगीत त्यांचं. योआखिम होल्बेक यांचं ‘रीगेट’ (१९९४) मालिकेचं. याकोब ग्रोथ डीआरच्या पोलीस मालिकांमधून पुढे आले आणि २००९च्या स्वीडिश मिलेनियम चित्रपटांपर्यंत पोचले. हाल्फदान ई यांचं ‘बोर्गन’ मालिकेचं. फ्रान्स बाक यांनी ‘फोरब्रुडेल्सन’ (२००७) ही गुन्हेकथा मालिका केली, आणि अमेरिकेत तिची नवी आवृत्ती निघाली तेव्हा संगीत पुन्हा त्यांच्याकडेच गेलं. यातलं कोणीही एजंटमार्फत दार ठोठावून आत आलेलं नाही. दिग्दर्शक, संकलक आणि निर्माते पुढे सरकतात तेव्हा आपल्या ओळखीच्या संगीतकाराला सोबत नेतात. म्हणूनच फिल्म स्कूलचे विद्यार्थी महत्त्वाचे: आज त्यांच्या वीस मिनिटांच्या फिल्मला संगीत दिलंत तर पाच-सात वर्षांनी मालिकेच्या वेळी फोन त्यांचाच येतो. मार्चमधला कोपनहेगनचा सीपीएच-डॉक्स आणि ओडेन्सचा लघुपट महोत्सव हे भेटण्याचे अड्डे. माहितीपटांकडे विशेष लक्ष द्या. तिथे बाहेरच्या माणसाला लवकर जागा मिळते आणि संवादाची भाषा दर वेळी डॅनिश असतेच असं नाही.

हाताची सवय बदलावी लागेल, हे मी जोर देऊन सांगतो. आपल्याकडच्या दैनंदिन मालिकेत भावनांनुसार तुकड्यांची बँक तयार असते आणि संकलक त्यातून उचलून लावतो. संवाद संपला की झंकार, चेहरा वळला की ठोका. डॅनिश दिग्दर्शकाला हे नको असतं. काही डॅनिश दिग्दर्शकांच्या १९९५च्या डॉग्मा जाहीरनाम्यात तर दृश्य चित्रित होतंय तिथे प्रत्यक्ष वाजत असेल तेवढंच संगीत चालेल, असा नियमच होता. नियम गेला, पण संगीतावरचा तो संशय अजून जिवंत आहे. पहिल्या बैठकीत ‘इथे संगीत कशाला?’ हा प्रश्न येतो आणि त्याला उत्तर द्यावं लागतं. ‘फोरब्रुडेल्सन’च्या पहिल्या पर्वाचे २० भाग आहेत आणि प्रत्येक भाग म्हणजे एक दिवस. भागाच्या शेवटी एकाच धूनवर सगळ्या पात्रांवरून कॅमेरा फिरतो. त्या दोन-तीन मिनिटांत संगीत पूर्ण ताकदीनं बोलतं. आधीच्या पाऊण तासात ते जवळजवळ दबूनच असतं, म्हणूनच शेवट चढतो. तुमच्या नमुन्यांत असा एक तुकडा ठेवा: दीड मिनिट जेमतेम दोन सूर आणि एक पोत, आणि मग एक बदल. दहा सुंदर धूनांपेक्षा तो जास्त काम करेल.

आणखी एक. डॅनिश उच्चार गिळलेले असतात, आणि मालिकांमधलं बोलणं कळत नाही ही इथल्या प्रेक्षकांचीच तक्रार आहे. १ ते ४ किलोहर्ट्‌झचा पट्टा संवादांसाठी मोकळा सोडा. सारंगी, हार्मोनियम, सनई नेमकी तिथेच गर्दी करतात. वापरू नका असं नाही. संवादाखाली खालचे सूर घ्या आणि वरची पट्टी संवाद नसलेल्या जागेसाठी राखा.

तांत्रिक बाजू सोपी आहे, पण चुकली की महाग पडते. टीव्हीचं चित्र २५ फ्रेमचं असतं, सिनेमाचं बहुधा २४चं. काम सुरू करण्याआधी संकलकाकडून फ्रेमदर लेखी घ्या. २४वर बांधलेला एक मिनिटाचा तुकडा २५वर पळवला तर ५७.६ सेकंदांत संपतो आणि सूर जवळपास पाऊण अर्धस्वर चढतो. फाइल ४८ किलोहर्ट्‌झ, २४ बिट. एकच स्टिरिओ मिक्स देऊ नका; तंतुवाद्यं, ताल, सिंथ, एकल वाद्य असे स्टेम (वाद्यगटांचे ट्रॅक) वेगळे द्या, सगळे एकाच टाइमकोडपासून सुरू होणारे. मास्टरिंग करून आवाज फुगवू नका. प्रक्षेपणाची पातळी युरोपात उणे २३ एलयूएफएसला (आवाजाचा जोर मोजायचं एकक) बांधलेली असते आणि ती शेवटी ध्वनिमिश्रकच जुळवतो. तुमचा दाबलेला आवाज तो फक्त खाली ओढेल. मोठा तंतुवाद्यवृंद हवा असेल तर बरेच जण प्राग किंवा बुडापेस्टला ध्वनिमुद्रण करतात. तीन तासांच्या सत्रात १० ते १५ मिनिटांचं वापरण्याजोगं संगीत निघतं, तेही स्वरलिपी आणि वेगळे पार्ट बिनचूक असतील तर. स्वरलिपी कच्ची असेल तर इथे यायच्या आधी पक्की करा. वादकांना गाऊन शिकवायला सत्रात वेळ नसतो.

पैशाचं नीट समजून घ्या. मानधन दोन प्रकारांनी ठरतं. एकात तुमची फी वेगळी आणि ध्वनिमुद्रणाचा खर्च निर्मात्याचा. दुसऱ्यात एकच रक्कम आणि वादक, स्टुडिओ, प्रवास सगळं तुमच्या खिशातून. दुसऱ्या प्रकारात फसगत होते ती संकलन ‘लॉक’ (म्हणजे अंतिम) झाल्यावर पुन्हा कापाकापी झाली की, कारण प्रत्येक दुरुस्ती तुमच्या खर्चानं होते. करारात संगीताची एकूण मिनिटं आणि लॉकनंतरच्या किती दुरुस्त्या त्याच पैशांत, हे दोन आकडे लिहून घ्या.

उरलेलं उत्पन्न प्रसारणातून येतं, आणि पुनःप्रसारणं धरली तर पुढे बरीच वर्षं येत राहतं. ते गोळा करणारी संस्था कोडा, १९२६ची. प्रतिमुद्रणाचे, म्हणजे संगीताच्या प्रती काढण्याचे, हक्क नॉर्डिक देशांत एनसीबी बघते. तुम्ही आयपीआरएसचे, म्हणजे भारतातल्या अशाच संस्थेचे, सभासद असाल तर एकाच प्रदेशासाठी आयपीआरएस आणि कोडा या दोन्ही संस्थांना हक्क देता येत नाहीत. आयपीआरएसमध्येच राहिलात तर डेन्मार्कचे पैसे परस्पर-करारातून फिरून येतात, उशिरा आणि मधली कपात होऊन. बहुतेक काम इथेच होणार असेल तर तिथला राजीनामा आणि कोडाचं सभासदत्व यांच्या तारखा जुळवून घ्या, मध्ये भोक राहू देऊ नका. तुमचा आयपीआय क्रमांक (संगीतकाराचा आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांक) तोच राहतो. ‘सगळे हक्क एकरकमी द्या’ असा करार समोर आला तर सही करण्याआधी कोडाशी किंवा संगीतकारांच्या संघटनेशी बोला: डान्स्क कोम्पोनिस्टफोरेनिंग आहे, आउटोर आहे. कोडाच्या सभासदाला प्रसारणाचे हक्क निर्मात्याला विकताच येत नाहीत, आणि हे निर्मात्याला सांगायला संकोच करू नका. भारतातही २०१२च्या दुरुस्तीनंतर रॉयल्टीचा वाटा सोडून देता येत नाही, पण मालिकांच्या धंद्यात तो मागायची सवय आपल्याला लागलेली नसते.

रॉयल्टी अडते ती बहुतेक वेळा क्यू-शीटवर, म्हणजे वापरलेल्या संगीताच्या यादीवर. प्रत्येक तुकड्याचं नाव, सेकंदांपर्यंत लांबी, शीर्षकसंगीत की पार्श्वसंगीत, भाग क्रमांक, संगीतकाराचं नाव, आयपीआय. शीट निर्माता पाठवतो, पण भरून तुम्हीच द्या. आपल्या नावांची एक खास अडचण असते: पासपोर्टवर वडिलांचं नाव मध्ये, श्रेयनामावलीत नाही, आयपीआरएसकडे आद्याक्षर, आणि आडनावाचं स्पेलिंग तीन ठिकाणी तीन तऱ्हेचं. ‘कुलकर्णी’चं रोमन लेखन कसं करायचं ते एकदा ठरवा आणि पासपोर्टपासून क्यू-शीटपर्यंत तेच ठेवा. नाव जुळलं नाही की पैसे बेवारस खात्यात पडून राहतात.

मानधन बहुधा ‘बी-उत्पन्न’ म्हणून येतं, म्हणजे त्यातून कर कापलेला नसतो. वर्षाचा अंदाज तुम्हीच कर खात्याच्या संकेतस्थळावर भरायचा आणि जून-डिसेंबर सोडून दहा हप्त्यांत कर द्यायचा. ८ टक्के कामगार-वर्गणी त्याआधी जाते. अंदाज कमी भरलात तर वर्षाअखेरी व्याजासकट अंगावर येतं. संगीतरचनेला २५ टक्क्यांचा मोम्स (डॅनिश मूल्यवर्धित कर) लागत नाही. पण दुसऱ्याचं मिक्सिंग किंवा ध्वनिमुद्रण-सेवा मोम्स लागणाऱ्या प्रकारात मोडते, आणि तिची उलाढाल बारा महिन्यांत ५०,००० क्रोनरच्या वर गेली की नोंदणी करावी लागते. दोन्ही करणार असाल तर पहिल्याच वर्षी लेखापाल गाठा.

राहण्याची जागा ठरवताना एकच गोष्ट तपासा: त्या पत्त्यावर सीपीआर (रहिवासी क्रमांकाची) नोंदणी करता येते का. काही मालक नाही म्हणतात, आणि सीपीआर नाही म्हणजे मिटआयडी (डिजिटल ओळख) नाही, पगार-मानधनाचं खातं नाही, करकार्ड नाही. करकार्ड नसेल तर पगारातून सरळ ५५ टक्के कापले जातात. मालक तीन महिन्यांची अनामत आणि तीन महिन्यांचं आगाऊ भाडं कायद्यानं मागू शकतो. पहिला महिना धरून सात महिन्यांच्या भाड्याची रोकड लागेल असं समजा. तुमच्या शिलकीतून ही रक्कम वजा करून मग महिने मोजा.

उपकरणं आणाल तर वीज २३० व्होल्ट, ५० हर्ट्‌झच आहे, पण डॅनिश सॉकेटची अर्थिंगची पिन वेगळी असते. आपली तीन पिनी वायर साध्या अ‍ॅडॉप्टरनं लावली, किंवा जर्मन प्लगची वायर घातली, तरी ती चालते. अर्थिंग मात्र जोडलं जात नाही आणि स्पीकरमध्ये ५० हर्ट्‌झची गुणगुण बसते. महागडा इंटरफेस बदलण्याआधी डॅनिश प्लगच्या वायरी विकत घ्या.

येण्याची वेळ ऑगस्टचा मध्य. जुलैत अख्खा देश सुट्टीवर असतो, ई-मेलला उत्तर येत नाही. बैठका आठवड्याच्या क्रमांकानं ठरतात. ‘आठवडा ३४’ म्हटलं की कॅलेंडरमध्ये तो दिसला पाहिजे, तेव्हा फोनवर आठवडा क्रमांक आधीच चालू करून ठेवा. दुपारी चारनंतर फोन करू नका, लोक मुलांना आणायला गेलेले असतात. दिग्दर्शकाला लिहिताना पहिल्या नावानं, चार ओळींत, एकच दुवा जोडून लिहा. उत्तर आलं नाही तर तीन आठवड्यांनी एकदा आठवण करा आणि त्यानंतर त्याच्या पुढच्या फिल्मच्या प्रदर्शनाला जाऊन समोरासमोर भेटा.