आदिवासी कलेवर मानवशास्त्रज्ञाने लिहिलेलं एकच पुस्तक वाचायचं असेल तर कुठलं?

व्हेरिअर एल्विन यांचं 'द ट्रायबल आर्ट ऑफ मिडल इंडिया' (१९५१). हा इंग्रज माणूस १९२७ मध्ये मिशनच्या कामासाठी पुण्यात आला आणि पुढे गोंडांच्या गावातच राहिला.

पुस्तकात दागिने, मुखवटे, लाकडी कोरीवकाम असं बरंच आहे. पण ओडिशातल्या सावरा लोकांच्या भिंतीचित्रांचा भाग अजिबात चुकवू नका. घरात आजारपण आलं किंवा मेलेला पूर्वज स्वप्नात आला की तांबड्या मातीने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पांढऱ्या पिठाने चित्र काढायचं. हे त्या आत्म्याचं घर. तिथे हत्ती-घोडे असतातच, शिवाय सायकल, आगगाडी, विमानही! पूर्वजांनी पायी का म्हणून फिरावं? आत्म्याला पसंत पडलं नाही तर चित्रात भर घालावी लागते. थोडक्यात, गिऱ्हाईक मेलेलं असलं तरी चोखंदळ.

एक मात्र ध्यानात ठेवा. या कलेच्या भवितव्याबद्दल एल्विन फार निराश होते, आणि तिथे त्यांचा अंदाज चुकला असं माझं मत. ते ज्या पाटणगढला राहिले, त्याच गावच्या जनगढसिंह श्याम यांनी १९८० च्या दशकात गोंड चित्रं थेट कागदावर आणि कॅनव्हासवर आणली.

पुस्तक आवडलं तर ईशान्येकडच्या कलेवरचं त्यांचं १९५९ चं पुस्तकही बघा. विणकामात रस असेल तर नक्कीच.