खुला-महिला जागेवर हक्क कोणाचा?

प्रश्न : माझ्या मुलीने इतर मागास प्रवर्गातून अर्ज भरून एका सरकारी भरतीची परीक्षा दिली. खुल्या प्रवर्गातील महिलांच्या जागांवर जी शेवटची उमेदवार निवडली गेली, तिच्यापेक्षा माझ्या मुलीला अडीच गुण जास्त आहेत. मात्र इतर मागास-महिला यादी माझ्या मुलीच्या गुणांहूनही वरच्या गुणांवर थांबल्यामुळे तिचे नाव कोठेच नाही. कार्यालयात विचारले असता, ‘तुम्हाला तुमचे आरक्षण आहे, खुल्या महिलांच्या जागा तुमच्या नव्हेत,’ असे सांगण्यात आले. हे बरोबर आहे काय? दाद कोठे मागावी?
– एक पालक, शिवाजी पेठ, कोल्हापूर

उत्तर : आपल्याला कार्यालयाने दिलेले उत्तर बरोबर नाही. जातीच्या किंवा वर्गाच्या आधारावरील सामाजिक आरक्षण उभे असते, तर महिला, दिव्यांग, माजी सैनिक यांचे समांतर आरक्षण आडवे असून ते प्रत्येक प्रवर्गाला छेदून जाते, म्हणजे खुल्यासह प्रत्येक प्रवर्गातल्या काही जागा त्यांच्यासाठी असतात, ही मांडणी सर्वोच्च न्यायालयाने 1992 च्या इंद्रा साहनी निकालात केली. गुणवत्तेवर खुल्या जागेत बसणारा मागासवर्गीय उमेदवार आरक्षणाच्या कोट्यात मोजायचा नाही, हेही त्याच निकालातले. हा नियम समांतर आरक्षणाला लागू नाही, असा समज मात्र पुढे अनेक भरती मंडळांनी करून घेतला आणि त्यावरून बरेच खटले झाले.

या वादाचा निकाल सर्वोच्च न्यायालयात डिसेंबर 2020 मध्ये सौरव यादव विरुद्ध उत्तर प्रदेश सरकार या प्रकरणात लागला. तेथील पोलीस शिपाई भरतीत खुल्या महिलांची यादी 274.8298 गुणांवर थांबली होती, आणि 276.5949 गुण मिळवलेली इतर मागास प्रवर्गातील उमेदवार घरी बसली होती. म्हणजे आपल्या मुलीचीच गोष्ट. खुला प्रवर्ग हा कोणा एका समाजाचा कोटा नसून तो सर्वांना खुला आहे, आणि खुल्या महिलांच्या जागेसाठी उमेदवार महिला असणे व तिचे गुण पुरेसे असणे एवढेच लागते, असे न्यायालयाने ठरवले. त्या गुणांच्या वर असलेल्या इतर मागास प्रवर्गातील महिलांना नेमणूक देण्याचा आदेश झाला. आधी नेमलेल्यांना मात्र काढले नाही, आणि मला तो तोडगा शहाणपणाचा वाटतो.

एक गोष्ट मात्र आधी घरीच तपासा. मुलीने अर्ज करताना वयाची सवलत घेतली होती काय? खुल्या प्रवर्गाची वयोमर्यादा ओलांडलेली असताना सवलतीवर अर्ज केला असेल आणि सवलत घेणाऱ्याला खुल्या जागेवर घेऊ नये असे त्या भरतीच्या नियमांत असेल, तर दावा टिकणे अवघड आहे. 2017 च्या दीपा ई. व्ही. प्रकरणात उमेदवार याच कारणाने हरली. पुष्कळ पालक गुणपत्रिका घेऊन येतात, परंतु जाहिरातीची प्रत त्यांच्याजवळ नसते, आणि वकिलाला पहिल्यांदा लागते ती नेमकी तीच.

दाद कोठे मागायची, हे पद कोणत्या सेवेतील आहे यावर ठरते आणि ते आपण लिहिलेले नाही. तलाठ्यासारखे राज्य शासनाच्या सेवेतील पद असेल, तर प्रथम महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे, म्हणजे मॅटकडे, जावे लागते. कोल्हापूरसाठी त्याचे मुंबईचे पीठ आहे. जिल्हा परिषदेची भरती मॅटच्या कक्षेत येत नाही. त्यासाठी उच्च न्यायालयात रिट याचिका, म्हणजे सरकारी यंत्रणेला आदेश द्यावा अशी मागणी करणारी याचिका, करावी लागते, आणि ऑगस्ट 2025 पासून आपल्याच शहरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच, म्हणजे मुख्य ठिकाणाबाहेर बसणारे पीठ, सुरू झाल्यामुळे त्यासाठी रात्रीची गाडी पकडून मुंबई गाठण्याची गरज उरलेली नाही.

मॅटकडे जाण्याची मुदत सर्वसाधारणपणे एक वर्षाची आहे. रिटला अशी ठरावीक मुदत नसली तरी नेमणुका होऊन गेल्यावर आलेल्या याचिकेकडे न्यायालय नाराजीनेच पाहते. खुल्या महिलांच्या यादीतील शेवटच्या निवडलेल्या उमेदवारांना प्रतिवादी करण्यास विसरू नका. ज्यांच्या नोकरीवर गदा येऊ शकते त्यांना न ऐकता निकाल देता येत नाही, आणि केवळ या त्रुटीमुळे चांगली प्रकरणेही फेटाळली जातात.