फ्रान्चेस्का बेर्तिनी ही इटालियन मूकपटांतली अभिनेत्री खरोखर दिग्दर्शिका होती का?

हो, निदान 'अस्सुन्ता स्पिना' (1915) या चित्रपटापुरती तरी ती सहदिग्दर्शिका होती, असं माझं ठाम मत आहे. श्रेयनामावलीत नाव एकट्या गुस्तावो सेरेना यांचं होतं. पण तिच्या नायकाचं काम करणाऱ्या याच सेरेना यांनी उतारवयात मोकळेपणानं सांगितलं, की दिग्दर्शनाचा मोठा भार बेर्तिनीनंच उचलला होता. स्वतःचं श्रेय कमी करणारी साक्ष कोण उगाच देईल? म्हणून मला ती साक्ष, आपणच दिग्दर्शन केल्याच्या बेर्तिनीच्या स्वतःच्या दाव्यापेक्षाही मोलाची वाटते. आता अनेक ठिकाणी दोघांचीही नावं देतात. चित्रपट पाहिलात तर तिचा हात जाणवतो: नेपल्सच्या खऱ्या रस्त्यांवरचं चित्रण, आणि अंगावरची ती शाल. भीती वाटली की नायिका झालेली बेर्तिनी शाल गच्च आवळते, खचली की सैल सोडते. मोठे हातवारे करायची गरजच पडत नाही. पुढे 1918च्या सुमारास तिच्या नावानं 'बेर्तिनी फिल्म' ही निर्मितीसंस्थाही निघाली. 1921 मध्ये लग्न झाल्यावर काम कमी झालं. तरी 1976 मध्ये दिग्दर्शक बेर्तोलुच्चींच्या 'नोव्हेचेन्तो' या चित्रपटात ती ननच्या छोट्या भूमिकेत दिसते. मात्र एवढ्यावरून तिच्या सगळ्याच चित्रपटांचं दिग्दर्शन तिच्या नावावर मांडू नका. त्या काळी कामांची वाटणी काटेकोर नसायची, आणि 'अस्सुन्ता स्पिना'इतका भक्कम पुरावा बाकीच्यांना नाही.