रताळी कडक, बुडाशी पाणी, चव कडू : भोपळा, रताळी आणि सफरचंदाच्या गोड कॅसरोलविषयी

ताई, तुम्ही लिहिले आहे की अमेरिकेतल्या भाचीने पाठवलेल्या कृतीप्रमाणे लाल भोपळा, रताळी आणि सफरचंद यांचे तुकडे तुम्ही एकाच काचेच्या भांड्यात घातले, वरून गूळ आणि संत्र्याच्या रसाऐवजी जालन्याच्या मोसंबीचा रस ओतला आणि तासभर ओव्हनमध्ये ठेवले. तरीही रताळी कडक राहिली, सफरचंदाचा गाळ झाला, बुडाशी वाटीभर पाणी साचले आणि सगळ्याला कडवट चव आली. ओव्हन नवा असल्यामुळे तुमचा संशय त्याच्यावर आहे. माझ्या मते ओव्हन निर्दोष आहे. मी हा पदार्थ गेली काही वर्षे आश्विन-कार्तिकात करत आले आहे आणि पहिल्या दोन खेपांना माझ्याकडूनही हेच झाले होते. चूक जिन्नस निवडण्यात नसून ते भांड्यात कोणत्या क्रमाने जातात, त्यात आहे.

(कॅसरोल म्हटले की आपल्याकडे पोळ्या गरम ठेवण्याचा डबाच डोळ्यांसमोर येतो. मी पहिल्यांदा हे नाव घेतले तेव्हा सासूबाईंनी तो डबा घासून-पुसून माझ्यापुढे आणून ठेवला होता. मूळ फ्रेंच शब्द शिजवण्याच्या भांड्याचा आहे आणि त्यात भाजून त्याच भांड्यातून वाढायच्या पदार्थालाही तेच नाव पडले.)

रताळी का शिजली नाहीत, हे समजायला आपल्या घरचे वरणच पुरेसे आहे. डाळ मऊ होण्याआधी चिंचेचा कोळ किंवा गूळ घातला तर तिचा दाणा तसाच टणक राहतो, म्हणून आपण आमटीत चिंच-गूळ शेवटी घालतो. आणि बोअरच्या जड पाण्यात डाळ तास तास शिजत नाही, हे तर मराठवाड्यात कुणाला सांगायला नको. भाजीच्या पेशींना जे पेक्टिन सांधून ठेवते ते आंबटात सहज विरघळत नाही, साखरेच्या दाट पाकातही ते घट्ट राहते आणि पाण्यातला किंवा गुळातला चुना त्याला आणखी बळ देतो. तुम्ही कच्च्या रताळ्यांवर पहिल्याच मिनिटाला आंबट रस आणि गूळ दोन्ही ओतले, म्हणजे डाळ कुकरला लावतानाच त्यात चिंच-गूळ टाकल्यासारखे झाले. अमेरिकेत ही चूक झाकली जाते, कारण तिथल्या अनेक कृतींत रताळी आधी उकडून घेतात किंवा डब्यातली, शिजवलेलीच वापरतात, आणि तिथले नारिंगी गराचे रताळे मुळातच ओलसर आणि मऊ असते. आपल्या बाजारातले लाल सालीचे, पांढऱ्या गराचे रताळे पिठूळ असते. त्याला मऊ व्हायला वेळ द्यावा लागतो.

कडवटपणा मोसंबीचा आहे. रसवंतीवाला मोसंबीचा रस आपल्यासमोर काढून लगेच प्यायला सांगतो, कारण रस काढून ठेवला की त्यात हळूहळू कडूपणा उतरतो. उष्णतेने तो झपाट्याने उतरतो आणि बिया किंवा पांढरी साल रगडली गेली असेल तर विचारायलाच नको. जालन्याच्या मोसंबीला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले आहे आणि आपल्या भागात आंबे बहाराची, म्हणजे आंबा मोहरतो त्या सुमारास फुललेली, मोसंबी नेमकी याच दिवसांत येते, त्यामुळे ती वापरण्याचा तुमचा विचार मला मनापासून आवडला. फक्त तिला विस्तव दाखवायचा नाही. पदार्थ ओव्हनमधून बाहेर आल्यावर, वाढण्याच्या पाच मिनिटे आधी एका मोसंबीचा ताजा, बिया न चिरडता काढलेला रस वरून शिंपडावा. मग तिचा सुवासही राहतो आणि गुळाच्या गोडीला जी आंबटसर धार हवी असते, तीही मिळते.

आता पाण्याविषयी. लाल भोपळ्यात नव्वद टक्क्यांहून अधिक पाणी असते, सफरचंदात साधारण पंच्याऐंशी टक्के आणि रताळ्यात त्याहून बरेच कमी. चिरलेल्या फोडींवर गूळ किंवा मीठ पडले की ते आतले पाणी ओढून बाहेर काढतात, आणि उंच भांड्यात थरावर थर असतील तर त्या पाण्याला वाफ होऊन निघून जायला वाट मिळत नाही. म्हणून भोपळा स्वतंत्रपणे, पसरट ताटलीत एका थरात, फक्त तुपाचा हात लावून आणि उघडाच भाजावा. मीठसुद्धा नंतर. भोपळा तयार झाल्याची खूण कानाने कळते: सुरुवातीला पाणी उडाल्याचा ओला, मोठा चुरचुराट असतो, तो हळूहळू बसत जातो आणि शेवटी फक्त तुपाचा बारीक, कोरडा आवाज राहतो. त्या वेळी फोडीच्या कडा तपकिरी झालेल्या दिसतात, फोड आकसून लहान होते आणि बोटाने दाबली तर पाणी सुटत नाही. पहिल्या खेपेला मी एवढा धीर धरला नव्हता. दिवाळीला आलेल्या पाहुण्यांना मी जे वाढले, ते वाटीत घेऊन भुरकावे लागले होते, आणि पाहुण्यांनीही ते भोपळ्याचे सार समजून भाताबरोबर खाल्ले.

रताळ्याबाबत मात्र मी थोडी हट्टी आहे. त्याच्यात पिष्टाची (स्टार्चची) साखर करणारे एक विकर (एन्झाइम) असते आणि ते साधारण ६० ते ७५ अंश सेल्सिअस तापमानात जोमाने काम करते. त्यापलीकडे गेले की ते निकामी होते. रताळे जितका जास्त वेळ या टप्प्यात राहील तितके ते गोड होते. शेतात चुलीच्या आरात, राखेखाली पुरून ठेवलेल्या रताळ्याची गोडी कुकरमध्ये तीन शिट्ट्या काढलेल्या रताळ्याला येत नाही, त्याचे कारण हेच आहे. मायक्रोवेव्हमध्ये तर ते इतक्या लवकर तापते की पिष्ट पिष्टच राहते. तेव्हा मध्यम आकाराची रताळी सालीसकट, अख्खी, थंड ओव्हनमध्येच ठेवावीत आणि मग ओव्हन १६० अंशांवर सुरू करावा. तासाभराने विणायची सुई खुपसून पाहावी: ती सहज आत जाऊन अगदी मध्यावर किंचित अडली पाहिजे. सालीला कुठे कुठे मधासारखा चिकट थेंब फुटलेला दिसला तर रताळे उत्तम जमले असे समजावे. साल काढून बोटभर जाडीच्या चकत्या कराव्यात.

सहा माणसांसाठी माझे प्रमाण असे आहे: सोललेला भोपळा ५०० ग्रॅम, रताळी ५०० ग्रॅम, सफरचंदे २, घट्ट पेरू १, किसलेला गूळ ८० ग्रॅम, तूप तीन मोठे चमचे, काळे मनुके मूठभर, अर्धे जायफळ किसून, चिमूटभर सुंठ, दोन लवंगांची पूड आणि चवीपुरते मीठ. अमेरिकी कृतींत याच्या दुप्पट साखर असते. आपले रताळे सावकाश भाजल्यावर तेवढ्याची गरज उरत नाही. भोपळ्याच्या तीन सेंटिमीटरच्या फोडी २०० अंशांवर अर्धा तास भाजाव्यात. सफरचंदे सालीसकट, एकाचे सहा भाग एवढी मोठी चिरून, तुपावर मोठ्या आचेवर दोनच मिनिटे परतावीत. या दिवसांत काश्मीर आणि हिमाचलातून येणारी लालभडक सफरचंदे भुसभुशीत असतात आणि अर्ध्या तासात त्यांचा गाळ होतो, म्हणून फोड मोठी ठेवण्याला पर्याय नाही. पेरू मी मुद्दाम घालते, कारण तो उष्णतेत आकार सोडत नाही. बियांचा गर चमच्याने काढून टाकावा, नाहीतर दातांखाली खडे लागतात. आता पसरट भांड्यात रताळी, भोपळा, फळे आणि मनुके हलक्या हाताने एकत्र करावेत, गूळ उरलेल्या तुपात मंद आचेवर विरघळवून मसाल्यांसह वरून सोडावा आणि भांडे १८० अंशांवर वीस ते पंचवीस मिनिटे ठेवावे. भाचीच्या कृतीत ३५० अंश लिहिलेले असेल तर ते फॅरनहाइटचे आहेत, आपल्या हिशेबाने १७५ ते १८०. बाहेर काढल्यावर पंधरा मिनिटे हात लावू नये. तेवढ्या वेळात रताळ्याचे पिष्ट उरलेला पाक पिऊन घेते आणि वाढताना फोडी सुट्या पण रसरशीत येतात.

वरच्या कुरकुरीत थरासाठी तुम्ही ओट्स शोधत होतात. त्यांची गरज नाही. ज्वारीच्या पिठात गव्हासारखा चिवटपणा नसल्यामुळे त्याचा थर छान खुसखुशीत होतो. ज्वारीचे पीठ ७५ ग्रॅम, जाडसर शेंगदाण्याचे कूट ५० ग्रॅम, गूळ ४० ग्रॅम, तूप ४० ग्रॅम आणि दोन चमचे तीळ एवढे पुरते. पीठ ताजे दळलेले असावे, कारण महिनाभर डब्यात राहिलेले ज्वारीचे पीठ स्वतःच कडवट होते आणि मग तुम्ही पुन्हा मोसंबीला दोष द्याल. तूप थिजलेले लागते. पातळ तुपात पिठाचा गोळा होतो. ऑक्टोबरच्या उकाड्यात आपल्याकडे तूप थिजत नाही, म्हणून ते आधी फ्रिजमध्ये ठेवावे आणि बोटांच्या टोकांनी पिठात चोळून वाटाण्याएवढ्या गोळ्या करून भाजण्याआधी वर भुरभुरावे.

ओव्हन नसलेल्यांनी किंवा भारनियमनाची वेळ आडवी येणाऱ्यांनीही हे सोडून देऊ नये. रताळी जाड तव्यावर झाकण ठेवून मंद आचेवर फिरवत भाजता येतात आणि भोपळा लोखंडी कढईत उघडा परतता येतो. शेवटी जाड बुडाच्या पातेल्याखाली तवा ठेवून दम द्यावा, पण बिर्याणीसारखे कणकेने तोंड बंद करू नये. इथे वाफ कोंडायची नसून बाहेर घालवायची आहे, तेव्हा झाकण तिरपे असू द्यावे. वरचा थर कढईत वेगळा, तांबूस होईपर्यंत भाजून वाढताना घालावा.

तुम्ही सीताफळाचेही विचारले आहे. बीडच्या, म्हणजे बालाघाटाच्या डोंगरातल्या सीताफळाचा मोह मलाही होतो, पण त्याचा गर तापवला की तोही कडू होतो आणि रंगाने काळवंडतो. बिया काढलेला गर थंड सायीत फेटून, गरम कॅसरोलच्या शेजारी वाटीत द्यावा. दुधात किंवा सायीत गूळ घालून ते भाजण्याआधी ओतण्याच्या भानगडीत पडू नये, कारण गुळाने गरम दूध फाटते. दुधाची चव हवीच असेल तर कुंथलगिरीचा खवा मिळवून तो थोडा परतून पेरावा. ज्यांच्याकडे लाल भोपळा उपवासाला चालतो त्यांनी ज्वारीऐवजी भगरीचे पीठ घ्यावे.

राहिला प्रश्न तुमच्या फ्रिजमधल्या त्या भांड्याचा. कडूपणा बहुतांशी बुडाच्या पाण्यात असतो, ते आधी निथळून टाकून द्या आणि एक फोड चाखून पाहा. ती खाण्याजोगी असेल तर रताळी वेचून, थोडे साधे पाणी घालून, कुकरमध्ये तीन-चार शिट्ट्या काढा. कुकरच्या तापमानाला ती आंबटातही नमतात. मग भोपळा आणि सफरचंदासह सगळे पुरणयंत्रातून काढा, चवीपुरता गूळ, चिमूटभर मीठ आणि वेलची घाला आणि त्यात मावेल तेवढीच कणीक व मूठभर तांदळाचे पीठ घालून, पाण्याचा थेंबही न वापरता, घट्ट भिजवा. घाऱ्या थोड्या जाड थापा, खसखस लावा आणि मध्यम आचेवर तळा, कारण गुळामुळे त्या पटकन करपतात.