'जॉबिंग ॲक्टर' म्हणजे दुय्यम नट का?

एका वाचकाने विचारलंय : जुन्या ब्रिटिश विनोदी मालिकांतल्या नटांबद्दल वाचताना 'जॉबिंग ॲक्टर' असा शब्द सारखा भेटतो. मराठीत 'दुय्यम नट' म्हटलं तर चालेल का?

माझ्या मते नाही. 'दुय्यम' हा फारसीतून आलेला शब्द, अर्थ सरळ 'दुसरा'. अव्वल कारकून, दुय्यम निबंधक यांतला. तो पायरी सांगतो. 'जॉबिंग' पायरीबद्दल काहीच बोलत नाही. नट कामं कशी घेतो, एवढंच सांगतो. जॉब म्हणजे नोकरी हे आपल्या डोक्यात घट्ट बसलंय, पण जुना अर्थ जवळजवळ उलटा : एक सुटं काम. केलं, पैसे घेतले, मोकळे. हा अर्थ आपल्याकडेही चांगला जिवंत आहे. लग्नपत्रिका आणि पावतीपुस्तकं छापणारा छापखाना 'जॉबवर्क' करतो, दुसऱ्याचा माल कातून देणारा लेथवालाही तेच म्हणतो.

जॉन ल मेझररचंच बघा. १९१२ साली जन्मलेला हा नट शंभराहून जास्त चित्रपटांत दिसला. न्यायाधीश, डॉक्टर, लष्करी अधिकारी, तुरुंगाधिकारी, तुसडा हेडवेटर. दोन-चार मिनिटांचं काम, थकलेला चेहरा, अर्धवट सोडलेलं वाक्य. होमप्राइड पिठाच्या जाहिरातीला आवाज दिला, 'बॉड' या लहान मुलांच्या कार्टूनचं निवेदनही केलं. आलेलं काम घ्यायचं. आपल्या आत्मचरित्राला त्याने नाव दिलं 'अ जॉबिंग ॲक्टर'.

आता गंमत अशी, की 'डॅड्स आर्मी' या दुसऱ्या महायुद्धातल्या होमगार्ड पलटणीवरच्या ब्रिटिश विनोदी मालिकेत (१९६८ ते १९७७, ८० भाग) तो अक्षरशः दुय्यम होता. नामावलीत पहिलं नाव आर्थर लो या नटाचं, दुसरं याचं. पलटणीतही आर्थर लो साकारत असलेला मॅनरिंग कॅप्टन आणि हा सार्जंट विल्सन. पण मालिकेचा निम्मा विनोद या दुय्यमपणावरच उभा आहे. खानदानी घरातला, बड्या शाळेत शिकलेला माणूस हाताखाली, आणि कष्टाने बँक मॅनेजर झालेला वर. पलटणीला रांगेत उभं करायचं तर मॅनरिंगला कडक हुकूम हवा. विल्सन मात्र 'जरा रांगेत उभे राहाल का, कृपा होईल' अशा सुरात सांगतो आणि कॅप्टनचा तिळपापड होतो. (प्रत्यक्षात महायुद्धात ल मेझरर स्वतः कॅप्टन होता, हिंदुस्थानात नेमणुकीवर.)

आणि १९७१ मध्ये डेनिस पॉटरच्या 'ट्रेटर' या दूरचित्रवाणी-नाटकात मॉस्कोत पळून गेलेल्या फितूर इंग्रजाची मुख्य भूमिका त्याने केली. तिच्यासाठी पुढच्या वर्षी बाफ्टा (चित्रपट-दूरचित्रवाणीचं मोठं ब्रिटिश पारितोषिक) मिळालं. तिथे तो अव्वल होता, तरी जॉबिंग होताच. 'दुय्यम नट' लिहिलं, की हे वाक्य मराठीत लिहिताच येत नाही.

मग लिहायचं काय? 'सहायक अभिनेता' पारितोषिकांच्या यादीत शोभतो, पण तोही पायरीच सांगतो. 'चरित्र अभिनेता' भूमिकेचा प्रकार सांगतो. 'पोटार्थी नट'मध्ये उगाच हेटाळणी येते. 'फुटकळ'मध्ये तर फारच. 'नाइटवर काम करणारा' हा आपल्या नाटकवाल्यांचा शब्द मला आवडतो, पण तो प्रयोगाच्या मानधनापुरता. चित्रीकरणाला लावता येत नाही.

मी 'सुटी कामं करणारा नट' असं लिहीन. लांबतं खरं, पण पैशाचा व्यवहार त्यात दिसतो आणि कमीपणा चिकटत नाही. वाक्यात बसवून बघा : 'आयुष्यभर सुटी कामं करत आलेल्या या नटाला साठीत बाफ्टा मिळालं.' पुस्तकाचं नाव मात्र भाषांतर न करता 'अ जॉबिंग ॲक्टर' असंच ठेवा.