हे कोनाचं वावर होय?

बाबू,

शकुंतला रेल्वेवरच्या फिल्मचा तुझा रफ कट दोनदा पाहिला. यवतमाळच्या फलाटावरच्या शेळ्या सुरेख. पण '१९९४ पर्यंत वाफेचं इंजिन धावायचं' असं निवेदन येतं तेव्हा पडद्यावर धडधडत जाते ती गाडी कुठली? रूळ बघ. आपली शकुंतला अडीच फुटी नॅरोगेज, ही साडेपाच फुटी ब्रॉडगेजवरची. इंटरनेटवरून उचललीस ना?

मीही हेच केलंय. पहिल्या फिल्ममध्ये नापिकीच्या निवेदनावर भेगाळलेल्या जमिनीचा शॉट टाकला, भलत्याच मुलखातला. गावातच पारापाशी चादर बांधून दाखवली. मागून एक आजी म्हणाली, "हे कोनाचं वावर होय, बाप्पा? आपल्या इकडे लाल माती कुठी हाय?" लोक खो खो हसले. पुढचं सगळं खरं होतं, पण तेही कोणी खरं मानलं नाही.

जुनं फुटेज ही निवेदनाखाली अंथरायची सतरंजी नाही. कॅमेरा कोणाच्या हातात होता, पैसे कोणी दिले, हे आधी विचार. सरकारी वार्तापटात धरणाचं उद्घाटन लगेच सापडेल, उठवलेल्या गावाची बैलगाडी शोधत बसावं लागेल.

आणि खरा ऐवज तूच कापून टाकलास! मूर्तिजापूरच्या काकूंच्या लग्नाची कॅसेट. १९९२, स्टेशनवर वरात उतरतेय, कॅमेरा नवरदेवाच्या बाशिंगावर, आणि मागून सात सेकंद इंजिन जातं. करवल्या पदर नाकाला लावतात. बँडच्या आवाजातून शिट्टी ऐकू येते. शूटिंगवाल्याला इंजिनाशी काही देणंघेणं नव्हतं, म्हणूनच ते इतकं अस्सल आलंय. ते सातही सेकंद ठेव. निवेदन तिथे बंद कर.

चौकट जुन्या टीव्हीसारखी चारास तीनच राहू दे. पडदा भरायला ताणू नकोस, नवरदेव आधीच अंगानं भरलेला आहे. कोपऱ्यातली तारीख पुसू नकोस, पण तिच्यावर विसंबूही नकोस. कॅमेऱ्याचं घड्याळ बहुतेकदा चुकीचंच लावलेलं असायचं, लग्नपत्रिकेशी ताडून पाहा. बाकीच्या कॅसेटींवर पांढरी बुरशी दिसली तर व्हीसीआरमध्ये घालू नकोस. टेप वाचणारा हेड खराब होतो, आणि मग त्यात घातलेली पुढची कॅसेटही. कॉपी दोन वेगळ्या घरांत ठेव. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातल्या कितीतरी चटकन पेट घेणाऱ्या नायट्रेट फिल्म २००३ च्या आगीत गेल्या, आपली तर लोखंडी पेटी.

परवानगीचं म्हणशील तर पैसे देऊन काढून घेतलेल्या चित्रफितीवरचा हक्क, वेगळा करार नसेल तर, कायद्यानं काढून घेणाऱ्याचाच असतो, तेव्हा शूटिंगवाल्याला पैसे कोणी दिले ते विचार. पण त्याआधी काकूंना तो तुकडा दाखव. त्यात त्यांचे वडील आहेत, डोक्याला फेटा, हातात हार. मूळ कॅसेट परत करशील तेव्हा पूर्ण लग्न पेन ड्राइव्हवर घालून दे. त्यांच्या घरचा व्हीसीआर कधीच भंगारात गेलाय.

तुझा,
काका