तलाव भरायच्या आधी

प्रिय पोरी,

अनेक आशीर्वाद. तुझं पत्र परवा मिळालं. सरपंच झाल्यापासून तुझ्या अक्षराला घाई लागली आहे, पण प्रश्न चांगला विचारला आहेस. ओढ्याच्या वरच्या अंगाला पाझर तलाव मंजूर झाला, काम दिवाळीनंतर सुरू होईल, आणि तलावाच्या खाली पहिली विहीर तुमच्याच घराची. पाणीवाटपाचा ठराव आत्ता घ्यावा की तलाव भरल्यावर, असं तू विचारतेस. चुलते दुसऱ्या पॅनेलमधून उभे होते, ते या ठरावाला आडवे येतील, ही तुझी दुसरी काळजी.

यावर तुला एका माणसाची हकिगत सांगायची आहे. त्याचं नाव सेरेत्से खामा. बोट्स्वाना नावाच्या देशाचा तो पहिला राष्ट्राध्यक्ष. आपल्याकडे नेहरू ठाऊक असतात, मंडेला ठाऊक असतात. या माणसाचं नाव मात्र फार कमी जणांच्या कानावर गेलं आहे. मी वर्गातही त्याच्याबद्दल कधी बोललो नाही, त्याची मला आता हळहळ वाटते.

आधी देश कसा होता ते बघ. आफ्रिकेच्या दक्षिणेला, चारी बाजूंनी जमिनीने वेढलेला, बराचसा भाग कलहारीच्या वाळूचा. क्षेत्रफळ महाराष्ट्राच्या जवळपास दुप्पट आणि माणसं सहा लाखांहून कमी. ३० सप्टेंबर १९६६ रोजी इंग्रज गेले तेव्हा पक्का डांबरी रस्ता होता जेमतेम १२ किलोमीटर, आणि देशात पदवीधर होते २२. अगदी १९६५ पर्यंत राजधानीसुद्धा देशात नव्हती! इंग्रजांचा कारभार सीमेपलीकडच्या माफेकिंगमधून चालायचा. गाबोरोने हे गाव राजधानी म्हणून नव्याने बांधावं लागलं. त्यातच काही वर्षं लागोपाठ दुष्काळ पडला होता. गुरं हेच तिथलं धन, आणि ती मरत होती. हे वाचताना मला आपला बहात्तरचा दुष्काळ आठवला. खडी फोडायच्या कामावर मी तेव्हा हजेरी मांडायला होतो. सुट्टीच्या वेळी सुकडीच्या रांगेत उभी राहिलेली बाई डोक्यावरचा पदर पुढे ओढून घ्यायची, शेजारच्या गावातल्या कुणी ओळखू नये म्हणून. ज्यांच्या गोठ्यात चार बैल होते त्या घरची बाई होती ती. अख्खा देश अशा रांगेत उभा असताना ज्याच्या हातात कारभार आला, त्याची गोष्ट मी सांगतो आहे.

सेरेत्सेचा जन्म १९२१ मध्ये सेरोवे या गावी, बामांग्वाटो जमातीच्या राजघराण्यात झाला. या नावाचा अर्थ सांधणारा चिखल, दोन गोष्टी एकत्र धरून ठेवणारा. बाप आणि आजोबा यांच्यातलं भांडण मिटलं होतं, त्याची खूण म्हणून हे नाव ठेवलं. तो चार वर्षांचा असताना वडील गेले. गादी त्याची, पण कारभार चुलते त्शेकेदी बघू लागले. त्यांनीच त्याला वाढवलं, शिकवलं, वकिलीसाठी विलायतेला पाठवलं. तिथे त्याने १९४८ मध्ये रूथ विल्यम्स या गोऱ्या मुलीशी लग्न केलं आणि चुलते भडकले. जमातीला न विचारता राजाने राणी कशी आणली, असा त्यांचा सवाल होता. तो अगदीच गैर होता असं मी म्हणणार नाही.

इथे जरा थांब, कारण तुझ्या कामाचं इथेच आहे. त्यांच्याकडे गावसभेला खोत्ला म्हणतात. लाकडी खांब अर्धगोलात रोवून केलेला आडोसा, समोर मोकळं पटांगण. कुणीही उठावं आणि बोलावं. चुकीचं बोलणाऱ्यालाही बोलायचा हक्क आहे, अशी म्हणच आहे त्यांच्यात. राजा सगळ्यांचं ऐकून घेतो आणि शेवटी बोलतो. राजा लोकांमुळे राजा, ही दुसरी म्हण. सेरेत्से लंडनहून परत आला आणि या पटांगणात उभा राहिला. पहिल्या सभेत लोक त्याच्या विरोधात गेले. त्याने घाई केली नाही. पुन्हा सभा झाली. १९४९ च्या जूनमध्ये तिसऱ्या वेळी हजारो माणसं जमली, तेव्हा त्याने आधी विरोधकांना उभं राहायला सांगितलं. मूठभर उठले. मग आपल्या बाजूच्यांना उठायला सांगितलं, आणि सगळं पटांगण उभं राहिलं. आधी कुणाला उठवलं बघ. विरोधकाला सगळ्यांसमोर मोजलं जाण्याचा मान दिला. ज्यांनी सात महिने आधी नाही म्हटलं होतं त्यांनाच त्याने तिथल्या तिथे वळवलं, पडद्याआड कुणाला गाठून नव्हे.

पुढे इंग्रज सरकारने जे केलं ते वाईट होतं. शेजारी दक्षिण आफ्रिकेत वर्णद्वेष्टं सरकार आलं होतं, त्यांना हे लग्न खुपत होतं, आणि लंडनला त्यांचं सोनं आणि युरेनियम हवं होतं. चौकशी बसवली. चौकशी करणाऱ्यांनी म्हटलं की माणूस लायक आहे, अडचण लग्नाची आहे. तो अहवाल कित्येक वर्षं दडवून ठेवला. १९५० मध्ये सेरेत्सेला बोलणी करायला लंडनला बोलावलं आणि तिथेच देशाबाहेर ठेवलं. जमातीने दुसरा राजा निवडायला साफ नकार दिला, सहा वर्षं. अखेर १९५६ मध्ये तो परतला, पण गादीवरचा हक्क सोडून, साधा माणूस म्हणून. आणि हे चुलत्यांशी दिलजमाई करून! दोघांनी मिळून इंग्रजांशी बोलणं केलं. ज्याने घर दोन भागांत फोडलं तोच माणूस सोबत घेतल्याशिवाय हे होणार नव्हतं, आणि सेरेत्सेने मागचं उगाळत न बसता त्याला सोबत घेतलं. मला त्याच्या सगळ्या आयुष्यातली ही सर्वांत अवघड गोष्ट वाटते. निवडणूक जिंकण्यापेक्षाही अवघड.

१९६२ मध्ये त्याने पक्ष काढला. क्वेट मासिरे हा त्याचा सोबती, जो पुढे त्याच्यानंतर राष्ट्राध्यक्ष झाला. १९६५ च्या निवडणुकीत ३१ पैकी २८ जागा मिळाल्या.

आता तुझ्या विहिरीची गोष्ट. तिकडे जमिनीखालची खनिजं त्या त्या जमातीच्या मालकीची होती. सेरेत्सेच्या बामांग्वाटो मुलखात तांबं आहे हे लोकांना आधीच ठाऊक होतं, चुलत्यांच्या वेळीच कंपनीशी करार झाला होता. म्हणजे सर्वांत जास्त गमावणार होते ते त्याचेच लोक. तरीही पक्षाने निवडणुकीच्या वेळीच म्हटलं की खनिजांचा हक्क जमातींकडून देशाकडे आणायचा. नंतर १९६७ मध्ये ओरापा इथे हिऱ्यांची खाण सापडली, तीही बामांग्वाटोंच्याच मुलखात. त्याच वर्षी कायदा झाला आणि खनिजं देशाची झाली. तो राजघराण्यातला होता म्हणून त्याला हे मागता आलं. आणि हिऱ्यांचा भाव कळायच्या आधी शब्द गेला होता म्हणून तो मोडता आला नाही. खाण आधी सापडली असती तर जमातीतल्या शहाण्यासुरत्या माणसांनीही हजार कारणं काढली असती. आपण सगळे काढतो. आफ्रिकेत इतर ठिकाणी खनिजांवरून भावाभावांत रक्त सांडलं. इथे ते टळलं, याचं मोठं कारण मला हेच दिसतं.

हिरे काढणाऱ्या डी बिअर्स कंपनीशी सुरुवातीला करार झाला तेव्हा सरकारचा वाटा होता १५ टक्के. त्याने पुन्हा बोलणी केली, १९७५ मध्ये वाटा ५० टक्क्यांवर गेला. पैसा शाळा, दवाखाने, रस्ते यांच्याकडे वळवला. आणि लोकांकडूनही मागितलं: १९७६ मध्ये स्वतःचं विद्यापीठ उभं करायचं ठरलं तेव्हा हाक दिली, माणशी एक जनावर. ज्याच्याकडे गाय नव्हती त्याने धान्य दिलं, कुणी अंडी दिली. त्याच वर्षी देशाचं स्वतःचं चलन आलं. त्याचं नाव ठेवलं पुला, म्हणजे पाऊस. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बाहेर ओट्यावर येऊन बसलो. पावसाची किंमत ज्यांना कळते त्यांनीच नोटेला पाऊस म्हणावं.

त्याला देव मात्र करू नकोस. तिथले मूळचे रहिवासी, कलहारीतले बासार्वा लोक, या सगळ्या सुबत्तेत मागेच राहिले. १९७५ मध्ये चराऊ जमिनीचं नवं धोरण आलं, त्याचा फायदा मोठ्या कळपवाल्यांना झाला, आणि मोठे कळपवाले सरकारातच होते. आपल्याकडचा पाणीवाटपाचा ठरावही असाच होऊ शकतो. ज्यांच्याकडे विहीर आहे, मोटर आहे, पाइपलाइन टाकायची ऐपत आहे, त्यांच्यातच पाणी वाटलं जाईल आणि वाडीच्या टोकाची, जमीन नसलेली घरं टँकरची वाट बघत बसतील. त्यांचं पिण्याचं पाणी ठरावात पहिल्या ओळीत लिही. ऊस नंतर.

१९८० मध्ये, साठीही गाठायच्या आधी तो गेला.

तेव्हा माझं म्हणणं असं की दोन ऑक्टोबरच्या ग्रामसभेत ठराव घे. कुदळ पडायच्या आधी. आज तुमच्या विहिरीला मार्चमध्ये तळ दिसतो, म्हणून तुझ्या घरचेही हो म्हणतील. तलाव भरल्यावर त्याच विहिरीला परसभर पाणी चढलं की तुलाच हो म्हणवणार नाही, मी तुला लहानपणापासून ओळखतो तरी सांगतो. इतकी उपसायची, इतके तास मोटर, उरलेलं खाली सोडायचं, हे आकड्यांत लिहून घे. ग्रामसेवकाकडून ठराव सभेत वाचून घे आणि सह्या तिथेच घे.

आणि त्याआधी चुलत्यांकडे जा. एकटी जा, पॅनेलमधलं कुणी बरोबर नेऊ नकोस. संध्याकाळी ते गोठ्यात धार काढायला बसतात त्या वेळी जा, तेव्हा त्यांच्याभोवती कुणी नसतं. ठरावाचा कागद त्यांना आधी वाचायला दे आणि काय खटकतं ते विचार. खटकणाऱ्यातलं निम्मं तरी बरोबर निघेल, त्या विहिरीचं पाणी त्यांनी चाळीस वर्षं बघितलं आहे. सभेत पहिल्यांदा त्यांना बोलू दे.

पावसाने इकडे ओढ दिली आहे. तुमच्याकडे ज्वारीची पेरणी कितपत झाली ते कळव.

तुझे,
गुरुजी